‘राउझ सिमन्स’ फळ्यांवाचून अडलंय: पुन्हा एकदा आवाहन

सस्नेह नमस्कार,

‘राउझ सिमन्स’ या बुडालेल्या शिडाच्या जहाजाचं मॉडेल आपलं मंडळ करतंय. त्यासाठी मदत मागणाऱ्या मार्चमधल्या आवाहनाला चार उत्तरं आली. त्याच गटावर कोजागिरीच्या दुधाची यादी एका दुपारी भरली होती. असो. मॉडेलचं काम सांगाड्यापर्यंत येऊन थांबलंय आणि २३ नोव्हेंबरला, जहाज बुडालं त्या तारखेला, ग्रंथालयात प्रदर्शन लागायचंय.

ज्यांच्यामुळे इथवर आलो त्यांचं आधी. रेसीनच्या काकांनी प्लायवूडच्या २१ फासळ्या नुसत्या कापल्या नाहीत, प्रत्येकीची कड जहाजाच्या वळणाप्रमाणे तासून दिली. ही तासणी चुकली की फळी फासळीच्या एका कोपऱ्यावर टेकते आणि गोंद धरत नाही. मिलवॉकीच्या आजोबांनी पहिला धनादेश दिला, वर पावती नको म्हणाले. (पावती दिली आहे. हिशेब तो हिशेब.) केनोशाच्या वहिनींनी शिडं केली. शिडं गुंडाळलेली दाखवायची आहेत, आणि पूर्ण मापाचं कापड गुंडाळलं तर मॉडेलवर ते गादीच्या वळकटीसारखं दिसतं. वहिनींनी उंची निम्मी धरली, कापड चहाच्या पाण्यातून काढलं, आणि आता ते खरंच वापरातलं वाटतं. जहाजाला नावही केनोशाच्याच एका व्यापाऱ्याचं, त्यामुळे वहिनींचा हक्क तसा आधीपासूनचा!

नव्या मंडळींसाठी थोडक्यात: १८६८ साली मिलवॉकीत बांधलेली ही तीन डोलकाठ्यांची स्कूनर, म्हणजे शिडाचं मालवाहू जहाज, लांबी १२३.५ फूट, रुंदी २७.६. उमेद गेली लाकडाच्या वाहतुकीत, म्हातारपण नाताळच्या झाडांत. कॅप्टन हर्मन श्यूनेमन उत्तर मिशिगनमधून झाडं आणून शिकागोला क्लार्क स्ट्रीटच्या पुलाशी थेट जहाजावरूनच विकायचे. १९१२ च्या नोव्हेंबरात थॉम्पसनहून निघताना झाडं काही हजार होती, तळघर भरून उरलेली डेकवर रचलेली. डेकवर ओझं चढलं की जहाजाचा तोल वर सरकतो, आणि थंडीत उडणारं पाणी फांद्याफांद्यांवर गोठलं की ते ओझं वाटेतच वाढत जातं. २३ तारखेला दुपारी मिशिगन सरोवराकाठच्या केवॉनीच्या जीवरक्षक ठाण्याला संकटाचं निशाण लावलेली स्कूनर दिसली. त्यांच्याकडे मोटरबोट नव्हती, म्हणून टू रिव्हर्स गावच्या ठाण्याला फोन गेला. तिथली बोट निघाली, पण तिला जहाज सापडलं नाही. कॅप्टनचं पाकीट १९२४ मध्ये मासेमारीच्या जाळ्यात आलं, मेणकापडात गुंडाळलेलं. जहाज सापडायला १९७१ उजाडलं. केंट बेलरिचर्ड या पाणबुड्याला जहाजाच्या तळघरात झाडं तशीच रचलेली दिसली.

‘खरं जहाजच वर का काढत नाहीत?’ हा प्रश्न दर बैठकीत येतो. ‘ॲल्विन क्लार्क’ ही स्कूनर १८६४ ला बुडाली आणि १९६९ ला वर काढली, जवळजवळ धडधाकट. गार गोड्या पाण्यात लाकूड खाणारा समुद्री किडा नसतो, म्हणून ती शंभर वर्षं टिकली. वर आल्यावर लाकूड उघड्यावर वाळलं, आक्रसलं, कुजलं. जपणुकीला लागणारा पैसा उभा राहिला नाही. १९९४ मध्ये ती मोडून टाकावी लागली. म्हणून ‘राउझ सिमन्स’ पाण्यातच बरं, आणि आपण मॉडेल करतोय.

मॉडेल १:४८ मापाचं. सांगाडा ७८ सेंटिमीटर, पुढचा दांडा धरून पेटी चार फुटांची, म्हणजे व्हॅनची मागची सीट पाडली की मावते. फळ्यांसाठी बासवूड या मऊ लाकडाच्या दीड मिलिमीटर जाड, पाच मिलिमीटर रुंद, दोन फुटी पट्ट्या १४० लागतील. हातात ५० आहेत. पट्टी कोमट पाण्यात वीस मिनिटं भिजवून सांगाड्यावर चिमट्यांनी वळवून ठेवायची, रात्रभर वाळू द्यायची, मगच गोंद. ओली चिकटवली तर सुकताना आक्रसते आणि सांधे उघडतात. एक पट्टी डावीकडे, पुढची उजवीकडे. एकच बाजू आधी उरकली तर अख्खा कणा पिळतो. हिटर सुरू झाला की खोलीची हवा कोरडी होते आणि लाकूड आणखी ओढतं, त्यामुळे पट्ट्या सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात हव्यातच. दोरकामाला सुती धागा आणू नका. हवेबरोबर सैल-घट्ट होत राहतो. पॉलिएस्टरच आणा.

झाडं मात्र घरी बसून करता येतील. डेकवर ३५० दिसायला हवीत. आजवर ६० झालीत. दोन बारीक तारांमध्ये हिरवा रंगवलेला काथ्या आडवा पसरायचा, तारांना पीळ द्यायचा, कात्रीने निमुळतं करायचं. उंची ३.८ सेंटिमीटर, म्हणजे सहा फुटी झाड. मग फांद्या वर दाबून दोरा गुंडाळायचा, कारण झाडं बांधूनच रचत. पसरलेली झाडं डेकवर शंभरही मावणार नाहीत.

खर्च एकूण २,४०० डॉलर (पेटी ९००, लाकूड-धागा-तार ४५०, मराठी-इंग्रजी माहितीफलक ७५०, विमा व वाहतूक ३००), जमा १,१५०, तूट १,२५०. धनादेश मंडळाच्या नावे, मागे ‘स्कूनर’ लिहून खजिनदारांकडे, रोख नको. काथ्या व तार रविवारी ११ ते १ ग्रंथालयाच्या तळघरात मिळेल, येताना स्वतःची बारीक कात्री आणा. पट्ट्यांची ऑर्डर २० ऑगस्टला जाईल, तोवर जमेल तेवढ्याचीच.

आपला,
चिटणीस