अनुदान पटकथेला हवे

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत ब्रिटिश दिग्दर्शकांवर आलेला लेख वाचला. त्यात बिल डग्लस यांचे नाव नव्हते, याची तक्रार करण्यासाठी हे पत्र लिहीत नाही. उण्यापुऱ्या चार चित्रपटांवर ज्याची ओळख उभी आहे, असा माणूस मोठ्या नावांच्या यादीतून निसटणे साहजिक आहे. मात्र खेड्यातल्या मुलांजवळ सांगण्यासारखे पुष्कळ असते, त्यांना फक्त जिद्द हवी, असा जो लेखाचा समारोप आहे तो मला अर्धाच खरा वाटतो. राहिलेले अर्धे डग्लस यांच्या आयुष्यात सापडते, म्हणून हा पत्रप्रपंच.

डग्लस यांचा जन्म 1934 सालचा, स्कॉटलंडमध्ये एडिंबरोजवळच्या न्यूक्रेगहॉल या कोळसा खाणीच्या गावातला. आईवडिलांचे लग्न झालेले नव्हते. आईच्या आईने त्यांना वाढवले आणि ती गेल्यावर वडिलांच्या घरी, दुसऱ्या आजीकडे, दिवस काढावे लागले. गावात एक कळकट थिएटर होते. तिकिटाला पैसे नसत तेव्हा हा मुलगा मुरंब्याच्या काचेच्या रिकाम्या बरण्या देऊन आत शिरत असे. (आम्ही वणीला रंगनाथ स्वामींच्या जत्रेत टूरिंग टॉकीजची कनात उचलून शिरत असू; बरणीचा व्यवहार त्या मानाने सचोटीचाच म्हणायचा.) पुढे हवाई दलातल्या सक्तीच्या सेवेत इजिप्तला असताना पीटर ज्युएल हे आयुष्यभराचे मित्र भेटले, मग लंडनमध्ये काही काळ रंगभूमीवर काम केले, आणि पस्तिशीच्या आसपास ते चित्रपटाच्या शाळेत दाखल झाले.

त्यानंतर त्यांनी आपल्याच लहानपणावर तीन कृष्णधवल चित्रपट केले: ‘माय चाइल्डहूड’ (1972), ‘माय एन फोक’ (1973) आणि ‘माय वे होम’ (1978). तिन्ही एकापाठोपाठ पाहिले तरी तीन तासांच्या आत संपतात. नागपूरला शिकत असताना एका फिल्म सोसायटीच्या खेळात मी पहिला भाग पाहिला, आणि त्यातला एक प्रसंग आजही जसाच्या तसा डोळ्यांपुढे आहे. घरात विस्तव पुरेसा नाही, म्हातारी आजी खुर्चीत गारठून बसली आहे. जेमी, म्हणजे पडद्यावरचा लहानपणीचा डग्लस, कपात उकळते पाणी ओततो, कप तापेपर्यंत थांबतो, पाणी फेकून देतो आणि रिकामा गरम कप आजीच्या हातांत देऊन तिची बोटे त्याभोवती दाबून धरतो. कोणी एक शब्द बोलत नाही. संगीतही नाही. जेमीसारखी मुले खाणीच्या ढिगाऱ्यावर कोळसा वेचताना दिसतात, तेव्हा मला तो परदेश वाटेनासा झाला. कारण आमच्या वणी-घुग्घुस-माजरी या कोळसा खाणींच्या पट्ट्यात रस्त्यावर ट्रकमधून सांडलेला कोळसा पोत्यात भरून घरच्या सिगडीसाठी नेणारी मुले मी शाळेत शिकवली आहेत, आणि हिवाळ्यात त्यांच्या वह्यांना येणारा धुराचा वास मला अजून आठवतो.

जेमी झालेला मुलगा नट नव्हता. तो दिग्दर्शकाला एका बसथांब्यावर भेटला होता. चित्रीकरणही प्रत्यक्ष न्यूक्रेगहॉलमध्येच झाले. म्हणजे लेखात म्हटल्याप्रमाणे गाव, माणसे, आठवणी आणि जिद्द हे सारे डग्लस यांच्याजवळ होतेच. परंतु चित्रपट उभा राहिला तो ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या निर्मिती मंडळाने, ज्याचे प्रमुख तेव्हा मामून हसन होते, एका अनोळखी माणसाची पटकथा वाचून आधी पैसे दिले म्हणून. रक्कम मोठी नव्हती, पण ती कॅमेरा सुरू होण्यापूर्वी मिळाली.

हा आधार सैल झाला की काय होते, तेही त्यांच्याच आयुष्यात दिसते. ‘माय वे होम’नंतरचा ‘कॉम्रेड्स’ येण्यास आठ वर्षे लागली. डॉर्सेटमधल्या टॉलपडल गावच्या सहा शेतमजुरांची ही गोष्ट आहे. आठवड्याची मजुरी नऊ शिलिंगांवरून सातवर आली आणि पुढे सहावर येण्याची चिन्हे दिसू लागली, तेव्हा त्यांनी संघटना बांधली. संघटनेसाठी बेकायदा शपथ घेतल्याचा ठपका ठेवून 1834 मध्ये त्यांना सात वर्षांच्या काळ्या पाण्याची शिक्षा देऊन ऑस्ट्रेलियाला धाडण्यात आले. गुढीपाडव्याला सालदाराचे साल ठरताना ज्याने ओसरीवरची घासाघीस पाहिली आहे, त्याला हा चित्रपट समजावून सांगावा लागणार नाही. यात जमीनदार आणि प्रतिष्ठितांच्या भूमिकांत नामवंत नट आहेत, तर मजुरांच्या भूमिकांत अनोळखी चेहरे. ही निवड मला फार मार्मिक वाटते. चित्रपट 1986 मध्ये आला. 1991 मध्ये कर्करोगाने डग्लस गेले, तेव्हा त्यांचे वय सत्तावन्न होते आणि चित्रित न झालेल्या पटकथा मागे होत्या. त्यांनी व ज्युएल यांनी जमवलेल्या जादूच्या कंदिलांपासून (काचेवरची चित्रे पडद्यावर दाखवणारे जुने दिवे) जुन्या पुस्तकांपर्यंतच्या पन्नास हजारांहून अधिक वस्तू आज एक्झेटर विद्यापीठाच्या संग्रहालयात आहेत.

आता आपल्याकडचे पाहू. राज्य शासन मराठी चित्रपटांना अनुदान देते, ही चांगलीच गोष्ट आहे. पण ते चित्रपट पूर्ण झाल्यावर, सेन्सॉरचे प्रमाणपत्र मिळाल्यावर आणि परीक्षण समितीने गुण देऊन दर्जा ठरवल्यावर मिळते. ज्याच्याजवळ चित्रपट पूर्ण करण्याइतका पैसा आधीच आहे, त्याच्यासाठी ही योजना ठीक आहे. माझ्या एका विद्यार्थ्याने कोळसा विकून घर चालवणाऱ्या आपल्या आईवर पटकथा लिहिली आहे. सत्तावीस पाने आहेत आणि त्यांत एकही भाषण नाही. तो सध्या एका दुकानात मोबाईल दुरुस्त करतो. त्याला जिद्दीचा उपदेश करण्याचे धाडस मला होत नाही.

झाडीपट्टीत, वडसा परिसरात, दरवर्षी दिवाळीनंतर नाटकांचा हंगाम लोकांच्या तिकिटांवर उभा राहतो, तेव्हा विदर्भाच्या खेड्यांत कलेला प्रेक्षक नाही असे म्हणता येणार नाही. चित्रपटाचा खर्च मात्र पहिले तिकीट फाटण्यापूर्वीच करावा लागतो. म्हणून सांस्कृतिक कार्य विभागाने अनुदानाचा एक लहानसा भाग, केवळ पटकथा वाचून, नवख्या आणि ग्रामीण दिग्दर्शकांच्या लघुपटांसाठी आगाऊ द्यावा, अशी माझी विनंती आहे. आपल्या वृत्तपत्राने या मागणीचा पाठपुरावा करावा आणि पुरवणीत जागा झाल्यास डग्लस यांच्यावर एक स्वतंत्र लेख द्यावा.

आपला,
एक निवृत्त शिक्षक
ता. वणी, जि. यवतमाळ