रोपं नकोत, उन्हाळ्यात डोंगर राखायला हात द्या

नमस्कार मंडळी,

दरवर्षी आषाढात गगनबावडा तालुक्यातल्या आमच्या डोंगरावर कोल्हापुरातून गाड्या भरून माणसं येतात, भर पावसात चिखल तुडवत रोपं लावतात. त्या कष्टाबद्दल आम्हाला आदरच आहे. पण दोन पावसाळे काढून कमरेएवढी झालेली जांभूळ, हिरडा, आवळ्याची झाडं गेल्या फाल्गुनात एका दुपारी गेली. वणवा खालून चढला आणि तासाभरात माथ्यावर पोचला. आम्ही अकरा जण होतो, हातात अंजनीच्या ओल्या डहाळ्या. झोडपून झोडपून हात सोलले, तरी वाऱ्यापुढे काही चाललं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळीही राख चपलेतून चटके देत होती. करवंदीच्या एका जाळीच्या बुडाशी लाव्याची सहा अंडी होती, काळी पडलेली, एक तडकलेलं. शेजारचं जुनं जांभूळ उभं होतं, पण एका बाजूची साल छातीच्या उंचीपर्यंत जळून गेली होती. असं झाड लगेच मरत नाही. त्या जखमेतून वाळवी शिरते, आणि पुढे कधीतरी वळवाच्या वाऱ्यात ते मोडून पडतं. तेव्हा वणव्याची आठवणही कुणाला राहिलेली नसते.

आग लागते कशी, हेही सांगितलं पाहिजे, कारण दोष आमच्यातलाच आहे. ऊस गेल्यावर शेतात पाला पेटवला जातो आणि ठिणगी बांध ओलांडते. तरव्यासाठी, म्हणजे भाताची रोपं वाढवायच्या वाफ्यासाठी, पालापाचोळा जाळून भाजावळ करताना लक्ष राहत नाही. कुणी विडी टाकतं, कुणी शिकारीसाठी मुद्दाम लावतं. आणि जुनं गवत जाळलं की नवं जोमानं येतं, ही समजूत अजून गेलेली नाही. जळल्या जागी हिरवे कोंब लवकर दिसतात, हे खरं. पण दरवर्षी जळणाऱ्या उतारावर झाडाचं रोप कधी मोठंच होत नाही, आणि उघड्या पडलेल्या जमिनीवरची माती पहिल्याच मोठ्या पावसात ओढ्याला लागते. कुंभी, कासारी, तुळशी, भोगावती मिळून पंचगंगा होते. हा डोंगर कुंभीच्या उगमाकडचा. म्हणून शहरातल्या मंडळींना हे आपलंच काम वाटावं, अशी आमची इच्छा आहे.

वन खातं काही करत नाही, असं आम्ही म्हणणार नाही. एका वनरक्षकाकडे कितीतरी गावांचा डोंगर असतो आणि तो बिचारा बहुतेक वेळा एकटाच फिरतो. देहरादूनच्या भारतीय वन सर्वेक्षणाकडून उपग्रहानं टिपलेल्या आगीचा निरोप आता मोबाईलवर येतो, पण उपग्रह डोक्यावरून जाईपर्यंत वाळक्या गवताचा चढ जळून गेलेला असतो. विझवायला माणूस जवळच पाहिजे. त्याहून आधी जाळरेषा पाहिजे.

जाळरेषा म्हणजे गवत कापून, पाला ओढून मोकळा केलेला पट्टा. पहाटेचं दव असताना, वारा पडलेला असताना, वनरक्षक समोर उभे असतानाच कापलेलं गवत तिथल्या तिथं जाळायचं, म्हणजे पुढे आलेल्या आगीला खायला काही उरत नाही. खात्याच्या हद्दीवरच्या रेषा खातं काढतं. पायवाटांच्या आणि मालकीच्या रानालगतच्या रेषा राहून जातात आणि आग तिथूनच शिरते. त्या आम्हाला यंदा काढायच्या आहेत.

त्यासाठी जानेवारीतल्या शेवटच्या दोन रविवारी श्रमदानाला या. पाला उडवायचे दोन ब्लोअर घ्यायचे आहेत. पाठीवर अडकवायचे पाण्याचे पंप, जाड तळाचे बूट आणि बॅटऱ्याही लागतील. सर्वांत मोठा खर्च राखणीचा आहे. माघ ते वैशाख गावातली चार पोरं दिवसरात्र आळीपाळीनं डोंगरावर राहणार आहेत. ती रोजंदारी सोडून येणार, म्हणून त्यांना मानधन द्यावंच लागेल, फुकट राबवणं बरोबर नाही. मुंबई-पुण्याला असलेल्या आपल्या गावकऱ्यांनी एका राखणदाराच्या एका महिन्याचा भार उचलला तरी आमचं ओझं बरंच हलकं होईल.

रक्कम आमच्या वन व्यवस्थापन समितीच्या बँक खात्यातच भरा. रोख दिली तर पावती घेतल्याशिवाय देऊ नका, मागणारा ओळखीचा असला तरी. जमाखर्च ग्रामपंचायतीच्या फळ्यावर दर महिन्याला लागेल. खाते क्रमांक ग्रामपंचायत कार्यालयात मिळेल.

आणि येता-जाता कुठंही जंगलात धूर दिसला, तर वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर लगेच फोन करा, जागा नीट सांगा. राखीव जंगलात आग लावणं हा भारतीय वन अधिनियम १९२७ खाली गुन्हा आहे, हे पाला पेटवणाऱ्या आपल्या माणसालाही समजावून सांगा.

श्रमदानाला येणाऱ्यांनी सकाळी सहाला गावच्या देवळापाशी जमायचं. सुती कपडे घाला, नायलॉनचे नकोत. विळे आणि दाताळी आम्ही देऊ. दुपारी पिठलं-भाकरी गावातच.

आपले,
अध्यक्ष व सर्व सदस्य
संयुक्त वन व्यवस्थापन समिती
ता. गगनबावडा, जि. कोल्हापूर