आठ जणांचा गट सांगून बावीस जणांना एकत्र फिरवलंत : जुन्या दिल्लीच्या हेरिटेज वॉकबद्दल तक्रार

दि. 3 मार्च 2025
कराड, जि. सातारा

प्रति,
मा. व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग

विषय : दि. 24 फेब्रुवारी 2025 रोजीच्या जुन्या दिल्लीतील पायी सहलीत जाहिरातीप्रमाणे सेवा न मिळाल्याबाबत व रक्कम परत मिळण्याबाबत.

महोदय/महोदया,

24 फेब्रुवारीला, सोमवारी, मी आणि माझी आई आपल्या कंपनीच्या चार तासांच्या हेरिटेज वॉकला आलो होतो. माणशी 1,800 रुपये, दोघींचे 3,600 रुपये मी 2 फेब्रुवारीलाच ऑनलाइन भरले होते. आपल्याच वेबसाइटवर हाच रस्ता मोठ्या गटासोबत माणशी 700 रुपयांत आहे. तो सोडून आम्ही अडीच पटीहून जास्त पैसे मोजले, ते फक्त एका ओळीसाठी : 'लहान गट, जास्तीत जास्त 8 जण'. प्रत्यक्षात त्या दिवशी आम्ही बावीस जण होतो. मी दोनदा मोजले.

आठ जणांचाच गट मी का शोधत होते, ते आधी सांगते.

आई 71 वर्षांची आहे. 31 वर्षं तिने माध्यमिक शाळेत इतिहास शिकवला. नादिरशहा, पानिपत, 1857, हे सगळं तिने फळ्यावर नकाशे काढून शेकडो मुलांना शिकवलं, पण दिल्ली स्वतः कधी पाहिली नव्हती. यंदा 98 वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन दिल्लीत तालकटोरा स्टेडियमवर भरलं, तेव्हा मी ठरवलं की आता तिला न्यायचंच. 19 फेब्रुवारीला पुण्याहून सुटलेल्या खास गाडीने आम्ही गेलो. गाडीचं नाव महादजी शिंदे एक्स्प्रेस. ते नाव वाचून आई फलाटावरच मला मुघल बादशहा शाह आलमची गोष्ट सांगू लागली होती. 23 तारखेला संमेलन संपलं. बरोबरची बहुतेक मंडळी परतली. आम्ही परतीचं वेगळं तिकीट काढून मुक्काम वाढवला, तो आपल्या या एका सहलीसाठी.

आईला दोन्ही कानांनी कमी ऐकू येतं. कानात मशीन आहे, पण ज्यांच्या घरी असं माणूस आहे त्यांना माहीत असेल की गर्दीत ते मशीन बोलणाऱ्याच्या आवाजाबरोबर रिक्षाची घंटा, शटरचा खडखडाट, सगळंच मोठं करतं. तिला समोरच्याचे ओठ दिसावे लागतात. बुकिंग करताना 'विशेष सूचना' या रकान्यात मी हे स्पष्ट लिहिलं होतं. त्यावर आपल्याकडून ई-मेल आला : 'काळजी नसावी, गट लहान असल्याने अडचण येणार नाही, आईंना पुढे उभं राहता येईल.' तो ई-मेल माझ्याकडे आहे आणि या पत्रासोबत जोडला आहे.

सकाळी साडेनऊला लाल किल्ला मेट्रो स्थानकाबाहेर जमायचं होतं. आम्ही नऊ वाजून दहा मिनिटांनी हजर होतो. माणसं येत गेली, येत गेली. गाईडच्या हातातल्या यादीवर तीन कागद पिना मारून एकत्र केलेले होते. मी विचारलं तेव्हा तो हळू आवाजात म्हणाला, "मॅडम, तीन बॅच एक कर दिए हैं, बाकी दो गाईड नहीं आए. ऊपर से ऑर्डर है." हा मुलगा पंचविशीचाही नसेल. त्याच्याबद्दल माझी तक्रार नाही, हे इथेच लिहून ठेवते. त्याला विषय येत होता, तो घसा फोडून बोलत होता आणि बावीस माणसं एकट्याने सांभाळत होता. या पत्रामुळे त्याचा पगार कापला गेला तर मला ते अजिबात चालणार नाही.

तिथून आम्ही लाहोरी दरवाजासमोर गेलो. दरवाजा बंद. सोमवारी लाल किल्ला बंद असतो. आपल्या वेबसाइटवर या सहलीतलं पहिलं ठिकाण 'लाल किल्ला, आतून, तिकिटासह' असं आहे, आणि त्याच पानावरच्या कॅलेंडरमध्ये सोमवारचा चौकोन हिरवा होता. मी नंतर फोन केला तेव्हा आपल्या प्रतिनिधी म्हणाल्या की किल्ल्याच्या सुट्टीचा वार ग्राहकाने तपासायला हवा होता. मला हे उत्तर फार लागलं. मी पतसंस्थेत वीस वर्षं काउंटरवर बसते. आमच्याकडे कुणी मुदत ठेव ठेवायला आलं आणि त्याला चुकीचा व्याजदर सांगितला गेला, तर 'तुम्ही तपासायला हवं होतं' असं मी कोणत्या तोंडाने म्हणेन? दिल्लीत रोज सहली काढणाऱ्या कंपनीला सोमवार माहीत नसेल, तर कराडहून पहिल्यांदा येणाऱ्या माणसाला तो कसा माहीत असणार?

किल्ल्याच्या आत आईला एकच जागा पाहायची होती, दिवाण-ए-खास. 1760 साली सदाशिवरावभाऊंनी त्या दालनाचं चांदीचं छत उतरवून नाणी पाडली, हे ती वर्गात कधी टाळून पुढे गेली नाही. आपल्या माणसांनी केलेलंही सांगायचं, असं ती म्हणायची. 1788 साली रोहिला सरदार गुलाम कादिरने याच किल्ल्यात बादशहा शाह आलमचे डोळे काढले आणि महादजी शिंद्यांनी शाह आलमला पुन्हा गादीवर बसवलं. ज्या गाडीने आलो तिच्या नावाची गोष्ट जिथे घडली, तिथे तिला दोन मिनिटं उभं राहायचं होतं. ती लाल भिंतीकडे बाहेरून बघत राहिली आणि मला म्हणाली, "असू दे गं, भिंत तर दिसली." त्या 'असू दे'चं मला अजून वाईट वाटतंय.

किल्ल्याऐवजी आम्हाला शालींच्या दुकानात नेलं. चाळीस मिनिटं. चार तासांतली चाळीस. ते दुकान आपल्या कार्यक्रमपत्रिकेत कुठेही नाही.

त्यानंतर चांदणी चौकात आलो. लाल मंदिर झालं, मग गौरीशंकर मंदिर. दोनच दिवसांवर महाशिवरात्र होती, त्यामुळे फूलवाल्यांची आणि दर्शनाची झुंबड. गाईड पायऱ्यांजवळ उभा राहिला, त्याच्याभोवती पंधरा-सोळा जणांचं कडं, आणि आम्ही मागे. एवढ्या वेळात माझ्या कानावर एकच शब्द पडला : 'मराठा'. पुढच्या सगळ्यांनी मोबाइल वर केले. आईने माझा दंड धरून विचारलं, "काय म्हणाला? मराठा काय?" मला ऐकू आलं नव्हतं. मी पुढे घुसेपर्यंत गाईड छत्री उंच धरून पुढच्या ठिकाणाकडे निघाला होता.

रात्री खोलीवर मी मोबाइलवर शोधून तिला वाचून दाखवलं की ते मंदिर 1761 च्या सुमारास अप्पा गंगाधर या मराठी माणसाने बांधलं असं सांगितलं जातं. ज्या वर्षी पानिपत झालं त्याच सुमारास! आईला हे माहीत नव्हतं. पुढे सुनहरी मशिदीपाशीही आम्हाला काही ऐकू आलं नाही, पण मार्च 1739 मध्ये तिथे बसून इराणच्या नादिरशहाने दिल्लीकरांच्या कत्तलीचा हुकूम दिला, हे तिनेच मला सांगितलं. नाशिकच्या दोन बायका मागे वळून तिचं ऐकू लागल्या. मात्र ती दिल्लीला सांगायला आली नव्हती. आयुष्यभर सांगून झालं होतं, आता कुणीतरी तिला सांगावं म्हणून आली होती. जे ठाऊक नव्हतं ते नेमकं गौरीशंकरच्या पायऱ्यांवर होतं, आणि तेच गर्दीत गेलं.

पराठेवाली गल्लीतून किनारी बाजारात शिरलो तेव्हा खरी तारांबळ उडाली. ती गल्ली किती अरुंद आहे हे आपल्याला माहीतच असेल. दोन्ही बाजूंना जरीच्या लेसांची भेंडोळी, सेहरे, गोंडे, आणि मधून डोक्यावर गठ्ठे घेतलेले हमाल. आठ माणसं तिथून एकामागून एक जातात. बावीस जातच नाहीत, त्यांचे तुकडे पडतात. एक सायकलरिक्षा आडवी आली, आई भिंतीला टेकून थांबली, आणि ती निघेपर्यंत छत्री दिसेनाशी झाली. गाईडचा फोन लागेना. आपल्या मदत क्रमांकावर सहा मिनिटं संगीत वाजलं आणि कॉल कट झाला. एका लेसवाल्या दुकानदाराने काही न विचारता आपलं स्टूल बाहेर काढून आईला बसायला दिलं, पाण्याची बाटली दिली. 25 मिनिटं आम्ही तिथे बसलो होतो. आम्ही दोघी कमी आहोत हे गाईडच्या लक्षात आलं, ते टाउन हॉलपाशी मोजणी केल्यावर.

तोवर नौघरा होऊन गेलं होतं. आपल्या वेबसाइटवर सगळ्यात वर ज्या रंगवलेल्या दाराचा फोटो आहे, तेच नौघरा. जैन कुटुंबांची नऊ घरं असलेला तो एवढासा चौक, आणि तिथे लोक राहतात. बावीस अनोळखी माणसं एकदम त्यांच्या उंबऱ्यापुढे उभी करणं त्यांच्याही दृष्टीने बरोबर आहे का, याचा आपण विचार करावा. आम्ही चुकलो म्हणून वाईट वाटलं, पण नाशिकच्या बाईंनी सांगितलं की आत जेमतेम तीन मिनिटं थांबू दिलं, कारण वरच्या मजल्यावरून कुणीतरी ओरडलं.

पुढचं ठिकाण बल्लीमारानमधली गालिबची हवेली. तीही सोमवारी बंद होती. खारी बावलीत मिरचीच्या पोत्यांजवळ सगळ्यांना ठसका लागला आणि तिथेच, ठरलेल्या वेळेच्या वीस मिनिटं आधी, सहल संपली असं जाहीर झालं.

त्या संध्याकाळी मी तक्रार नोंदवली. दोन दिवसांनी उत्तर म्हणून पुढच्या सहलीवर दहा टक्के सवलतीचं कूपन आलं. ते मी वापरणार नाही. कृपया रद्द समजावं.

माझं म्हणणं साधं आहे. आम्हाला मिळाली ती 700 रुपयांची मोठ्या गटाची सहल, तीही किल्ल्याशिवाय आणि हवेलीशिवाय. तरी मी तेवढे 700 धरते. फरक माणशी 1,100 रुपये, दोघींचे 2,200 रुपये. एवढी रक्कम ज्या खात्यातून भरली त्याच खात्यात परत करावी. शिवाय सोमवार कॅलेंडरमधून काढावा किंवा त्या दिवशी काय बंद असतं ते पैसे भरण्याआधी ठळक दिसेल असं लिहावं. आणि बॅच एकत्र करण्याची वेळ आलीच, तर आदल्या दिवशी ग्राहकाला कळवून पैसे परत घेण्याची मुभा द्यावी. कमी ऐकू येणारी, काठी घेऊन चालणारी माणसं लहान गट हौस म्हणून घेत नाहीत. त्यांच्यासाठी फिरण्याचा तेवढाच एक मार्ग असतो.

हे पत्र मिळाल्यापासून 15 दिवसांत उत्तर न आल्यास मी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन 1915 वर तक्रार नोंदवीन, आणि गरज पडल्यास ग्राहक संरक्षण कायदा 2019 नुसार सेवेतील त्रुटी व दिशाभूल करणारी जाहिरात या कारणांवरून सातारा जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन. ग्राहक जिथे राहतो तिथे दावा दाखल करता येतो, त्यामुळे मला त्यासाठी दिल्लीला यावं लागणार नाही. बुकिंगची पावती, 'काळजी नसावी' हा ई-मेल, हिरव्या सोमवारचा स्क्रीनशॉट आणि मेट्रो स्थानकाबाहेर जमलेल्या गटाचा फोटो सोबत जोडला आहे.

उत्तर कृपया लेखी पाठवावं, फोन करू नये. आईला फोनवरचं नीट ऐकू येत नाही, आणि आपण काय म्हणता ते तिला स्वतः वाचायचं आहे.

आपली,
एक ग्राहक
(नाव व बुकिंग क्रमांक सोबतच्या पावतीवर आहे.)