अपघातग्रस्तांची भरपाई केवळ टक्केवारीवर ठरू नये

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

मुंबई-आग्रा आणि नाशिक-पुणे महामार्गांवरील अपघातांत किती जण दगावले याच्या बातम्या आपण नियमित देता. त्याच अपघातांतून वाचलेल्या, परंतु पूर्वीचे काम कायमचे गमावून बसलेल्या माणसांचे पुढे काय होते, याविषयी फारसे छापून येत नाही. त्यांच्या नुकसानभरपाईसंबंधी एक मुद्दा आपल्या वाचकांपुढे मांडावासा वाटतो.

जखमी व्यक्तीला शासकीय रुग्णालयातून अपंगत्वाचे प्रमाणपत्र मिळते आणि त्यावर एक टक्केवारी असते. घरच्यांची, गावातल्या जाणत्यांची आणि कित्येकदा कागदपत्रे पाहणाऱ्यांचीही समजूत अशी की, भरपाई तेवढ्याच टक्क्यांनी मिळणार. कायदा तसे म्हणत नाही. राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2010 सालीच स्पष्ट केले की, अवयवाचे अपंगत्व वेगळे आणि त्यामुळे कमावण्याची क्षमता किती घटली हे वेगळे. डावा हात गमावलेल्या सुताराचा किंवा वाहनचालकाचा रोजगार जवळजवळ पूर्ण बुडतो, तर सरकारी कचेरीतील कारकुनाची नोकरी टिकू शकते, हे उदाहरण त्याच निकालात आहे.

आपल्या नाशिक जिल्ह्यात हा फरक फार मोठा ठरतो. निफाड-दिंडोरी भागातील द्राक्षबागांत एप्रिलची खरड छाटणी, ऑक्टोबरची गोडी छाटणी, त्यानंतर विरळणी आणि घड संजीवकाच्या द्रावणात बुडवणे ही बहुतेक कामे मांडवाखाली उभे राहून, हात डोक्याच्या वर धरून तासन्‌तास करावी लागतात. माझ्या परिचयातील अशाच एका छाटणी कामगाराच्या उजव्या खांद्याचे हाड दुचाकीच्या अपघातात मोडले. ते जुळून आले, जेवण आणि अंघोळ तो स्वतः करतो. मात्र हात खांद्याच्या वर जात नाही. कागदावर 30 टक्के अपंगत्व आले, तेही त्या एका हातापुरते. परंतु ज्या कामावर घर चालत होते, ते काम त्याला आता अजिबात होत नाही.

यातून रकमेत किती अंतर पडते ते पाहा. वय 34 आणि मासिक कमाई 15,000 रुपये असलेला मजूर धरू. सर्वोच्च न्यायालयाच्या प्रणय सेठी खटल्यातील 2017 च्या निकालानुसार चाळिशीच्या आतील अशा व्यक्तीच्या कमाईत भविष्यातील वाढीपोटी 40 टक्के मिळवले जातात, आणि जखमींच्या दाव्यांनाही ते लागू आहे. त्याच न्यायालयाच्या सरला वर्मा निकालाप्रमाणे या वयासाठी गुणक, म्हणजे वार्षिक कमाईला ज्या आकड्याने गुणायचे तो आकडा, 16 आहे. कमाईची क्षमता 30 टक्के घटली असे धरल्यास बुडालेल्या भावी कमाईच्या सदराखाली 12,09,600 रुपये होतात; 70 टक्के घटली असे सिद्ध झाल्यास 28,22,400 रुपये. उपचारांचा खर्च, वेदना आणि सांभाळणाऱ्या माणसाचा खर्च यांची मागणी याखेरीज करता येते. इतका फरक केवळ कामाचे स्वरूप पुराव्यात न आल्यामुळे पडावा, हे मला अत्यंत अन्यायाचे वाटते.

पुरावा आणायचा तर उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी जखमी माणसाला कोणती हालचाल जमत नाही हे भरपाईचे दावे ऐकणाऱ्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे सांगायला हवे, आणि तो अपघातापूर्वी नेमके काय करत होता हे बागमालकाने किंवा मुकादमाने सांगायला हवे. रोजंदारीवरच्या माणसाकडे पगारपत्रक नसते, म्हणून ही साक्ष अधिकच मोलाची. प्रत्यक्षात हातात पैसा नसलेली कुटुंबे उपचार पूर्ण होण्याआधीच तडजोडीला तयार होतात. लोकअदालतीत झालेल्या निवाड्यावर अपील नसते, ही गोष्ट सही करण्यापूर्वी त्यांना कोणीतरी समजावून सांगितली पाहिजे. तसेच 2022 पासून दाव्यासाठी अपघातानंतर सहा महिन्यांची मुदत कायद्यात आली आहे. तिला न्यायालयात आव्हान दिले गेले असले, तरी प्रमाणपत्र हाती येईपर्यंत थांबून राहणे धोक्याचे आहे. दावा आधी दाखल करून प्रमाणपत्र मागाहून जोडता येते.

जिल्हा विधी सेवा प्राधिकरणामार्फत महिलांना, औद्योगिक कामगारांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. प्राधिकरणाने नाशिकच्या जिल्हा शासकीय रुग्णालयातील अस्थिरोग विभागाजवळ आठवड्यातून किमान दोन दिवस मदत कक्ष चालवावा, अशी माझी विनंती आहे. त्याचबरोबर अपंगत्व तपासताना रुग्णाचा व्यवसाय आणि त्याला न जमणारी कामे यांची स्वतंत्र नोंद वैद्यकीय कागदपत्रांत करण्याची पद्धत रुग्णालय प्रशासनाने सुरू करावी. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, तपासणीच्या वेळी चार ओळी अधिक लिहाव्या लागतील.

आपला नम्र,
एक वाचक, नाशिकरोड