कोटाखालचा ससा

पुणे

प्रिय सखी,

तुझं पत्र परवाच मिळालं. शेकरूच्या गोष्टीची चित्रं प्रकाशकाकडून परत आली आणि सोबत ‘डोळे मोठे करा, अजून गोंडस करा’ अशी चिठ्ठी आली, हे वाचून जीव तुटला गं. भीमाशंकरच्या रानात मान दुखेपर्यंत वर बघत बसून तू ती काढली आहेस. झेप घेताना शेकरू शेपूट कसं सोडतं, हे तुझ्या चित्रात दिसतं तसं मी दुसऱ्या कुठल्या पुस्तकात पाहिलेलं नाही. आणि आता तू म्हणतेस, सगळं बांधून माळ्यावर टाकते. नको टाकूस. सध्या मी ‘पीटर रॅबिट’ची गोष्ट लिहिणाऱ्या आणि तिची चित्रं काढणाऱ्या बिअट्रिक्स पॉटरबद्दल मिळेल ते वाचते आहे, आणि तुझं पत्र वाचताना सारखी तीच आठवत होती.

पीटर रॅबिट आपल्याला माहीत असतो तो कपबशांवरचा, बाळाच्या दुपट्यावरचा. निळा कोट घातलेला गोड ससा. पण मूळ पुस्तक नीट बघ. आई पोरांना पहिल्याच पानांत बजावते, मॅकग्रेगरच्या बागेत जाऊ नका, तुमचे वडील तिथे गेले आणि मॅकग्रेगरबाईंनी त्यांना ‘पाय’मध्ये, म्हणजे मांस भरून भाजलेल्या पदार्थात, घातलं. एवढंच. रडारड नाही, समजावणं नाही. पुढे पीटर पळताना गूझबेरीवरच्या जाळीत अडकतो, कशाने, तर कोटाच्या पितळी बटणांनी. कोट तिथेच सोडून तो निसटतो. त्याआधी बूट पायात असतात तोवर तो दोन पायांवर असतो आणि बूट निसटले की चार पायांवर खराखुरा ससा होऊन धूम ठोकतो! कोटाच्या आत पहिल्यापासून अस्सल ससाच होता, म्हणून ते चित्र पटतं. मागच्या पायांची लांबी, कानांची ठेवण, पाठीची कमान, कुठेही तडजोड नाही.

हे तिला आलं कुठून? तिचा जन्म १८६६चा, लंडनच्या साउथ केन्सिंग्टनमधल्या श्रीमंत घरातला. शाळेत कधी घातलंच नाही, शिकवायला बाई घरी येत. सोबतीला धाकटा भाऊ बर्ट्रम आणि प्राण्यांचा गोतावळा: ससे, उंदीर, वटवाघूळ, सरडे, हेजहॉग (काटेरी अंगाचा चिमुकला प्राणी). एखादा प्राणी मेला की ही भावंडं तो उकळून हाडं सुटी करायची आणि सांगाडा बघून चित्रं काढायची. ऐकायला विचित्र वाटतं खरं, पण प्राण्यांच्या शरीररचनेची तिची जाण अशी पक्की झाली. पीटर नावाचा ससाही खरा होता, साडेचार शिलिंगांना आणलेला. मिसेस टिगी-विंकल या हेजहॉगबाईच्या गोष्टीच्या वेळी तिने पाळलेली हेजहॉगच मॉडेल म्हणून बसवली होती. मांडीवर झोपू दिलं तर बाई खूश, पण अर्धा तास उभं करून ठेवलं की आधी केविलवाण्या जांभया आणि मग चावा, असं तिने प्रकाशकाला पत्रात कळवलं होतं. मला तर हे वाचून ती हेजहॉग डोळ्यांसमोर दिसली.

तिच्या आळंब्यांची गोष्ट तुला ठाऊक नसेल. स्कॉटलंडमध्ये चार्ल्स मॅकिन्टॉश नावाचा निसर्गप्रेमी पोस्टमन होता, तो तिला नमुने पाठवायचा. ती सूक्ष्मदर्शकाखाली बघून त्यांची चित्रं काढायची, बीजाणू रुजवूनही बघायची. १८९७ साली तिचा निबंध लंडनच्या लिनियन सोसायटी या निसर्गशास्त्रज्ञांच्या संस्थेत वाचला गेला, पण बायकांना तिथे प्रवेशच नव्हता, त्यामुळे तो बुरशीतज्ज्ञ जॉर्ज मॅसी यांच्या हातून सादर झाला. पुढे तो तिने मागे घेतला. याचा मला आजही राग येतो. पण ती आळंब्यांची चित्रं इतकी अचूक आहेत की तिच्या पश्चात, १९६७ साली, ती बुरशींवरच्या पुस्तकात छापली गेली.

आता तुझ्या कामाचं सांगते. पीटरची गोष्ट पुस्तक म्हणून जन्मलीच नव्हती. ४ सप्टेंबर १८९३ला तिने तिच्या जुन्या शिक्षिकेच्या आजारी मुलाला, पाच वर्षांच्या नोएलला, पत्र लिहिलं. काय लिहावं सुचत नाही, म्हणून तुला चार सशांची गोष्ट सांगते, अशी सुरुवात करून मजकुरातच चित्रं काढत गेली. दुसऱ्या दिवशी त्याच्या धाकट्या भावाला बेडकाची गोष्ट लिहिली. काही वर्षांनी याचं पुस्तक करावं असं मनात आलं, तेव्हा नोएलकडे पत्र परत मागितलं. पोराने ते जपून ठेवलं होतं!

मग सुरू झाले नकार. एकामागून एक निदान सहा प्रकाशकांनी हस्तलिखित परत केलं. कुणाला मोठं पुस्तक हवं होतं. तिला हवं होतं चिमुकल्या हातात मावेल असं, पानावर थोडा मजकूर आणि समोर चित्र, आणि गरिबाघरीही परवडेल अशा किमतीचं. छोट्या सशांना सहा शिलिंगांचं पुस्तक कसं परवडणार, असं तिनेच लिहून ठेवलंय. शेवटी डिसेंबर १९०१मध्ये तिने पदरच्या पैशांनी २५० प्रती छापल्या. त्या इतक्या पटकन संपल्या की दोन महिन्यांत पुन्हा छापाव्या लागल्या. तेव्हा आधी नाही म्हणणारी फ्रेडरिक वॉर्न कंपनी पुढे आली आणि १९०२च्या ऑक्टोबरात रंगीत आवृत्ती निघाली. तिच्या ८,००० प्रती प्रकाशनाआधीच नोंदवल्या गेल्या होत्या. लगेच पुढच्या वर्षी तिने पीटरची बाहुली स्वतः शिवून तिचं पेटंटही घेतलं. कामाच्या बाबतीत बाई अगदी पक्की होती.

वॉर्न कुटुंबातला नॉर्मन तिची पुस्तकं बघायचा. जुलै १९०५मध्ये त्याने तिला मागणी घातली. धंदेवाईक घरातला म्हणून आईवडिलांचा विरोध होता, तरी एकोणचाळिशीच्या उंबरठ्यावरच्या बिअट्रिक्सने होकार दिला. महिन्याभरात तो रक्ताच्या कर्करोगाने गेला. त्याच वर्षी तिने उत्तर इंग्लंडच्या लेक डिस्ट्रिक्टमधल्या नियर सॉरी गावातली हिल टॉप ही शेतवाडी विकत घेतली आणि पुढच्या आठ वर्षांत झपाटल्यासारखं काम केलं. टॉम किटन हे मांजराचं पिल्लू, जेमिमा बदक, सॅम्युअल व्हिस्कर्स हा उंदीर, ही तिची पात्रं सगळी तिथलीच. त्या घराचा जिना, चूल, फाटक चित्रांत जसंच्या तसं आहे.

१९१३ला तिने तिथल्याच विल्यम हीलिस या वकिलाशी लग्न केलं. नंतर चित्रं कमी होत गेली, नजरही मंदावली होती. पण तिने हात टेकले म्हणणाऱ्यांशी माझं भांडण आहे. ती हर्डविक जातीच्या मेंढ्या पाळू लागली, टॉम स्टोरी या मेंढपाळाला हाताशी धरून प्रदर्शनांत बक्षिसं मिळवू लागली. सशाचा कान ज्या डोळ्याने पारखला त्याच डोळ्याने मेंढीची लोकर पारखली. पुस्तकांच्या पैशातून जमीन घेत गेली आणि १९४३मध्ये गेली तेव्हा ४,००० एकरांहून जास्त जमीन नॅशनल ट्रस्ट या निसर्ग आणि जुन्या वास्तू जपणाऱ्या संस्थेला देऊन गेली, मेंढ्यांचे कळप तसेच राखायचे या अटीसकट.

आता ऐक. डोळे मोठे करू नकोस. शेकरूला टोपी घालावीशी वाटली तर खुशाल घाल, पण टोपीखालचं शेकरू तुझंच राहू दे. मजकूर मात्र कमी कर, तिसऱ्या पानावर आई फार समजावते आहे. माझ्याकडे आपल्या छापखानेवाल्यांचा नंबर आहे, शंभर प्रतींना काय खर्च येतो ते मी उद्याच विचारते. अर्धे पैसे माझे, यावर वाद घालायचा नाही. मूळ चित्रं टपालाने पाठवू नकोस, स्कॅन करून पाठव. आणि कच्ची प्रत दोऱ्याने शिवून तुझ्या भाचीच्या हातात दे, कुठल्या पानावर ती थांबते ते बघ आणि मला सविस्तर कळव.

काकूंना नमस्कार सांग.

तुझीच,
मैत्रीण