तालुका कोर्टात बसलेल्या मित्रास

निफाड
रविवार, रात्री

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र परवा मिळालं. दोनदा वाचलं. ‘दिवसभर बांधाचे दावे, वाटणी, चेक बाउन्स. कायदे करणारे मुंबईत बसतात आणि मी इथे तारखा देतो. राजीनामा देऊन विधानसभेला उभं राहू का?’ असं तू विचारलंयस. फोनवर सांगण्यासारखं हे उत्तर नाही, म्हणून लिहायला बसलो.

निफाडच्या वकिलाला अशा वेळी माधवराव रानडे आठवले तर नवल नाही. १८ जानेवारी १८४२ ला ते इथेच जन्मले. शाळेत आपण त्यांना समाजसुधारक आणि अर्थशास्त्रज्ञ म्हणून शिकलो. पण अरे, त्यांचं बहुतेक आयुष्य तुझ्याच खुर्चीत गेलं. १८७१ ला पुण्यात सबजज्ज, म्हणजे खालच्या दिवाणी कोर्टाचे न्यायाधीश झाले. पुढे नाशिक आणि मग धुळे. १८७९ ला वासुदेव बळवंतांच्या बंडाने सरकार बिथरलं आणि पुण्यातल्या शिकलेल्या माणसांवर संशय घेऊ लागलं. धुळ्याची बदली त्याच वर्षातली. हायकोर्टाची खुर्ची मिळाली ती १८९३ मध्ये, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी, तिथले न्यायमूर्ती काशिनाथ त्र्यंबक तेलंग वारल्यावर. त्याआधीची वीस-बावीस वर्षं खालच्या कोर्टातली. मला त्यांची तीच वर्षं सगळ्यात मोलाची वाटतात.

त्याला कारण आमच्या घरातली एक ट्रंक आहे. आमचं मूळ गाव श्रीगोंद्याकडचं, हे तुला ठाऊक आहे. त्या ट्रंकेत खापरपणजोबांचा एक कर्जरोखा आहे. मोडीत लिहिलेला, घड्यांवर फाटलेला. खाली सही नाही. काळ्या शाईत एक छोटा नांगर काढलाय आणि शेजारी कारकुनाचे शब्द, ‘निशाणी नांगर’. आपण काय लिहून देतोय हे त्या माणसाला वाचता येत नव्हतं.

असे रोखे फुगायचे कसे, ते तर तू वकिलाच्या डोळ्यांनी बघ. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने रोख्यावर दावा लावायला तीन वर्षांची मुदत घातली. हेतू कुळाला, म्हणजे कर्जदाराला, वाचवण्याचा होता. झालं भलतंच. तीन वर्षं भरत आली की सावकार कुळाला बोलावून खत, म्हणजे कर्जाचा कागद, पालटून घ्यायचा आणि थकलेलं व्याज नव्या खतात मुद्दल होऊन बसायचं. फेडलेल्या रकमेची पावती नसायची. मग दावा, समन्स, कूळ गैरहजर, एकतर्फी हुकूमनामा, जप्ती. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे चढलेला कापसाचा भाव युद्ध संपताच कोसळला, त्यात नव्या पाहणीत सारा वाढला. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात लोक सावकारांच्या दुकानांवर चालून गेले, तेव्हा त्यांना हवे होते ते कागद. रोखे हिसकावून जाळले. लोण आमच्या श्रीगोंदा-पारनेरकडेही आलं. आमचा रोखा कसा वाचला, कोणालाच सांगता येत नाही.

त्यातून १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांचा कर्जनिवारण कायदा आला; पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी. जज्जाने रोख्यावरच्या आकड्यावर थांबायचं नाही, देण्याघेण्याचा हिशेब पहिल्यापासून तपासायचा. हप्ते बांधून द्यायचे. कर्जापायी शेतकऱ्याला कैद नाही. दावा लावण्याआधी गावात नेमलेल्या सलोखा करणाऱ्या माणसापुढे जायचं. आपली लोकअदालत आठवते ना? कायदा कागदावर चांगला होता, पण सवयीने एकतर्फी निकाल देणारी कोर्टं तो नीट चालवतात का, हे कोणीतरी जाऊन बघायला हवं होतं.

ते काम रानड्यांकडे आलं. १८८१ पासून स्पेशल जज्जांचे मदतनीस म्हणून आणि १८८७ पासून स्वतः स्पेशल जज्ज म्हणून. एका तालुक्यातून दुसऱ्या तालुक्यात फिरायचं आणि खालच्या कोर्टांची दप्तरं तपासायची. त्यांच्या पत्नी रमाबाईही पुष्कळदा फिरतीवर बरोबर असत. मोठमोठ्या खटल्यांत नाव होईल असं हे काम नव्हे. दिवस दिवस मोडी कागदांत डोकं घालून बसायचं, दहा-वीस रुपयांच्या दाव्यांचे हिशेब जुळवायचे. एवढ्या बुद्धीचा माणूस हे वर्षानुवर्षं करत राहिला, हे मनात आलं की मला अजून भरून येतं.

आणि याच काळात, १८८५ ला आणि पुन्हा १८९० ला, ते मुंबईच्या कायदे कौन्सिलात होते. तिथे गव्हर्नरने नेमलेले सभासद बसत. पुढे आलेल्या मसुद्यावर तेवढं बोलायचं. प्रश्न विचारायचा किंवा अंदाजपत्रकावर चर्चा करायचा हक्क १८९२ च्या कायद्यापर्यंत नव्हता. हात बांधलेलेच होते. पण कायदा गावात पोचल्यावर त्याचं काय होतं, हे स्वतः पाहून आलेला एक माणूस त्या टेबलाशी होता.

आज तुला दोन्ही करता येणार नाही, आणि ते योग्यच आहे. कायदा करणारा आणि न्याय देणारा वेगळा हवा. म्हणून उभं राहायचं तर राजीनामा द्यावा लागेल. माझं म्हणणं असं की उभा राहा, तुला रोखणार नाही, पोस्टरंसुद्धा चिकटवीन. पण आत्ता नको. तुला त्या कोर्टात जाऊन पुरतं वर्षही झालेलं नाही. आपल्या २०१४ च्या सावकारी कायद्यात बेकायदा बळकावलेली जमीन परत मिळायची सोय आहे, आणि तरीही कोरे चेक घेऊन बसलेले लोक तुझ्याच कोर्टात चेक बाउन्सची, कलम १३८ ची फिर्याद घेऊन उभे राहतात. हे तुझ्या डोळ्यांसमोर रोज घडतंय. कोण गैरहजर राहतं, का राहतं, समन्स खरंच पोचलं होतं का, ते बघ. चार-पाच वर्षं बघ. मग सभागृहात गेलास तर तुझ्याकडे बोलायला काहीतरी असेल.

दिवाळीत येतोयस ना? आई तुझी वाट बघतेय. रोखा तोवर ट्रंकेतून काढून ठेवतो. पुण्यातले एक मोडी वाचक तयार झालेत. खालच्या दोन ओळी पुसट आहेत, त्या त्यांच्याकडून तुझ्यासमोरच वाचून घेऊ.

वहिनींना नमस्कार, छोटीला गोड पापा.

तुझाच मित्र