तीन म्हातारे शोधून देणाऱ्या काकांना

तीर्थस्वरूप काका,
सा. नमस्कार.

घरी येऊन आभार मानले असते, तर तुम्ही विषय बदलून मिरजेच्या तंबोऱ्यांवर गेला असतात. म्हणून हे चारचौघांत.

रंगभूमी दिनाला आपल्या वाचनालयात दिलीप प्रभावळकरांच्या कारकिर्दीवर बोलायचं मी कबूल केलं होतं. सांगलीत ५ नोव्हेंबरला नटावर बोलायचं म्हणजे जोखीमच. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी 'सीता स्वयंवर' इथं उभं केलं, तेव्हापासून या गावात रिक्षावालासुद्धा समीक्षक!

माझ्याकडे माल भरपूर होता. दूरदर्शनवरचा चिमणराव, 'चौकट राजा'तला नंदू, 'झपाटलेला'तला तात्या विंचू. एकाच माणसाची ही सगळी सोंगं, एवढं सांगितलं की टाळ्या नक्की. तुम्ही खणभागातल्या त्या अंधाऱ्या खोलीत सगळं ऐकून घेतलंत आणि म्हणालात, "सोंगं राहू देत. म्हातारे घे."

'हसवाफसवी'तले कृष्णराव हेरंबकर, 'श्रीयुत गंगाधर टिपरे'मधले आबा आणि 'लगे रहो मुन्नाभाई'तले गांधीजी. मिशी लावली की माणूस वेगळा दिसतोच, त्याचे पैसे आम्ही रंगभूषावाले घेतो, असं तुमचं म्हणणं. तीन म्हातारे एकमेकांसारखे होऊ न देणं, हे मात्र नटाचं काम.

हेरंबकरांवर तुम्ही सगळ्यात जास्त वेळ घेतलात. 'हसवाफसवी' हे नाटक प्रभावळकरांनी स्वतःच लिहिलं आणि सहा भूमिका एकट्यानं केल्या, तेही पन्नाशीच्या आत. विंगेत घाईचा बदल कसा करतात, ते तुम्ही माझ्याच तोंडावर करून दाखवलंत. सुरकुत्या रंगवत बसायला वेळ नसतो. स्पिरिट गम नावाच्या डिंकानं मिशी चिकटवायची, विग चढवायचा, बटणांऐवजी वेलक्रो लावलेला कोट अंगावर ओढायचा आणि नटाला उजेडात सोडायचं. उरलेलं वय पाठीतून आणि आवाजातून यायला हवं, आणि ते शेवटच्या रांगेतल्यालाही कळायला हवं. (माझी मिशी रात्रीपर्यंत निघाली नव्हती, ही तक्रार वेगळी.)

आबा २००१ मध्ये अल्फा मराठी (आताच्या झी मराठी) वाहिनीवर आले. तिथं कॅमेरा नाकाशी. नाट्यगृहातलं म्हातारपण दिवाणखान्यात आणलं असतं, तर भडक झालं असतं. तुम्ही टीव्हीचा आवाज बंद करून आबा बघायला लावलेत. बोलणं दुसऱ्याचं चाललेलं असताना त्यांचे डोळे काय करतात, तेवढंच बघ म्हणालात. गांधीजींची अडचण आणखी निराळी. तो चेहरा लोकांच्या खिशातल्या नोटेवर असतो, त्यात इकडचं तिकडे करायची सोय नाही. त्या भूमिकेसाठी आणि 'शेवरी'साठी मिळून त्यांना २००६ चं सहायक अभिनेत्याचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं, हे मी सांगितलं. त्यावर तुम्ही फक्त "मग?" म्हणालात.

तात्या विंचूला तुम्ही भाषणातून काढायला लावलंत, ते मला अजून पटलेलं नाही. त्या आवाजानं आमची अख्खी पिढी रात्री बाथरूमला एकटी जायची बंद झाली होती. काका, हेही अभिनयातच धरा.

भाषण बरं झालं. रिक्षावाले आले नव्हते, पण नाटकवाले होते आणि कुणी मधेच उठलं नाही. नंतर एका आजींनी विचारलं, "'दशावतार' सिनेमातला बाबुली मेस्त्री या तिघांच्यात कुठं बसतो?" ऐंशी ओलांडलेल्या नटानं साकारलेला म्हातारा दशावतारी कलावंत! आता वय अंगातच आहे, मग अभिनय नेमका कशाचा करायचा? मला उत्तर येईना. तुमच्याकडे बोट दाखवायला वळलो, तर तुम्ही शेवटच्या रांगेतून केव्हाच सटकलेले.

रविवारी त्या आजींना घेऊन येतोय. उत्तर तुम्हीच द्या.

तुमचा,
वाचनालयातला वक्ता